मृणालतंतूंचा विणकर

आपल्या पुराणकथांत यज्ञकुंडातून कुणी प्रकट झाले, की आधी त्याच्या हातांकडे पाहावे. द्रुपदाच्या यज्ञातून धृष्टद्युम्न येतो तो अंगावर कवच आणि हाती खड्ग, धनुष्यबाण घेऊन. दशरथाच्या यज्ञातला दिव्य पुरुष येतो तो पायसाचे पात्र सांभाळत. एकाच्या हाती कुणाचे तरी मरण असते, दुसऱ्याच्या हाती कुणाचा तरी जन्म. पद्मशाली समाजाने पिढ्यानपिढ्या जपलेल्या कथेत मार्कंडेय ऋषींच्या यज्ञातून भावनाऋषी प्रकट होतात, आणि त्यांच्या हातांना काम मिळते ते सूत काढण्याचे. विष्णूच्या नाभिकमळाच्या देठातून तंतू काढायचे, ते मागावर चढवायचे आणि वल्कलांवर, कातड्यांवर दिवस काढणाऱ्या देवामाणसांना वस्त्र द्यायचे, एवढ्यासाठी हा अग्निसंभव जन्माला आला. ज्वाळेतून आलेल्या पुरुषाने हाती घ्यावे, ते ज्वाळेची नुसती झळ लागली तरी नाहीसे होईल असे कमळाचे सूत! या एका विरोधापाशी आपण घटकाभर थांबलो, तरी कथेची जात कळते. तिच्यात चमत्कार भरपूर आहेत. पण प्रत्येक चमत्कार अखेर मागापाशी येऊन बसतो आणि कामाला लागतो.

ही कथा दूर कुठल्या अरण्यात शोधायला जायला नको. कल्याणहून दुर्गाडीजवळची खाडी ओलांडून, कोनगाव मागे टाकत रस्ता भिवंडीत शिरतो. तिथल्या पद्मानगरात तेलंगणातून आलेली पद्मशाली कुटुंबे पिढ्यानपिढ्या राहत आहेत. करीमनगर, वरंगळ, नलगोंडा या बाजूंनी निघालेल्या या माणसांच्या घरात तेलुगू बोलली जाते, दारात मराठी आणि हिंदी, आणि कारखान्यात या सगळ्यांवर मात करणारी यंत्रमागाची अखंड खटखट. मार्कंडेय महामुनी आणि भावनाऋषी हे या वस्तीचे पूर्वज. आपल्या हातातल्या कामाचा उगम थेट विष्णूच्या नाभीपाशी नेऊन ठेवणाऱ्या समाजाला कारागीर म्हणून आपली किंमत किती, हे दुसऱ्या कुणी सांगावे लागत नाही.

आणि ठाणे-कल्याणच्या या पट्ट्याला तरी कापड कुठे नवे आहे? सहाव्या शतकात कॉस्मस या ग्रीक प्रवाशाने कल्याण बंदरातून बाहेर जाणाऱ्या मालात कापडाची नोंद केली. तेराव्या शतकाच्या अखेरीस मार्को पोलोच्या वृत्तान्तात ठाण्याच्या व्यापाराचे वर्णन आले, तेही सुती मालासह. सह्याद्रीच्या वरच्या अंगाला, नाशिकच्या पांडवलेण्यांतल्या दहाव्या लेण्यातला शिलालेख तर विणकरांविषयी फार मोलाचे बोलतो. क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याने गोवर्धन इथल्या विणकरांच्या दोन श्रेणींकडे, म्हणजे संघांकडे, मिळून ३००० कार्षापण कायमची ठेव म्हणून ठेवले. एका श्रेणीकडे २०००, दरमहा शेकडा एक या व्याजाने. दुसरीकडे १०००, शेकडा पाऊण या दराने. पहिल्या ठेवीच्या व्याजातून लेण्यात वर्षावास करणाऱ्या २० भिक्षूंना चीवरासाठी प्रत्येकी १२ कार्षापण द्यायचे होते. हिशेब चोख जुळतो: वर्षाचे व्याज २४०, आणि वीस बारे दोनशे चाळीस. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी राजघराण्याने आपले दान सुरक्षित राहावे म्हणून ज्यांच्या हाती सोपवले, ते मागावर बसणारे हात होते. म्हणजे जगाची लाज राखणारा विणकर ही कथेतली कल्पना वाटते तितकी हवेतली नाही. तिच्या पायाशी विश्वासाचा असा भक्कम दगड आहे.

आता कथेच्या मुळाशी जाऊ. भावनाऋषींचे आयुष्य समजून घ्यायचे तर आधी त्यांच्या पित्याचे, मार्कंडेयांचे, बालपण आठवावे लागते. मृकंडू ऋषींना पुत्र हवा होता, आणि शंकरांनी निवड त्यांच्यावर सोपवली: दीर्घायुषी पण मंद पुत्र, की अल्पायुषी पण गुणी? मृकंडूंनी गुणी मुलगा मागितला. सोळा वर्षे भरली, यम दारात आला. मार्कंडेयाने शिवलिंगाला मिठी मारली, यमाने फेकलेला पाश मुलाबरोबर लिंगालाही पडला आणि त्यातून शंकर प्रकट झाले. ही गोष्ट आपण लहानपणापासून ऐकत आलो, पण तिच्यातला पाश आपण नुसता शस्त्र म्हणून पाहिला. विणकराच्या नजरेने पाहा. पाश म्हणजे पीळ दिलेली दोरी. तिच्यातही तंतूच आहेत. पित्याच्या गळ्याशी जी दोरी मृत्यू होऊन आली, तीच पुत्राच्या हाती सूत होऊन येते आणि जगाच्या अंगावर माया पांघरते. कथाकाराने हे नाते कुठे बोलून दाखवलेले नाही. दोन पिढ्यांच्या दोन गोष्टी शेजारी ठेवून तो गप्प राहतो, आणि आपण त्या एकमेकींशी लावून पाहिल्या की मधली वीण आपोआप दिसू लागते.

याच मार्कंडेयांनी आणखी एक गोष्ट पाहिली आहे. प्रलयाच्या जलराशीत सगळे विश्व बुडाले असता ते एकटे तरंगत राहिले आणि वटपत्रावर पहुडलेले बालक त्यांना दिसले. सृष्टी पार उघडी झालेली त्यांनी पाहिली होती. डोंगर नाही, झाड नाही, आडोसा नाही, फक्त पाणी आणि एक पान. ज्याने जग असे निर्वस्त्र पाहिले, त्याच्याच यज्ञातून जगाला वस्त्र देणारा जन्मावा यात केवढे औचित्य आहे! प्रलयाचा साक्षीदार पिता आणि आच्छादनाचा निर्माता पुत्र ही जोडी जुळवणाऱ्या लोकप्रतिभेला शास्त्र ठाऊक असेल नसेल, पण जखम कुठे आहे आणि तिच्यावर पट्टी कुठली हवी, हे तिला नेमके कळले होते.

यज्ञाचेही तसेच. विणकराचा जन्म यज्ञातून का व्हावा? ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातल्या एकशे तिसाव्या सूक्तात यज्ञच मागावर ताणलेले वस्त्र म्हणून आला आहे. त्याचे तंतू सर्व दिशांना ताणलेले आहेत, पितर ताण्यापाशी बसून विणत आहेत आणि सामगाने धोटे होऊन इकडून तिकडे फिरत आहेत. त्या प्राचीन ऋषीने यज्ञात माग पाहिला. पद्मशालींच्या कथेने यज्ञातून विणकर बाहेर काढला. आपण मागाजवळ उभे राहून थोडा वेळ नुसते ऐकले तरी हे साम्य पटते. तीच पुनरावृत्ती, तीच लय, जरा चूक झाली तर मागे जाऊन पुन्हा सुरुवात करण्याची तीच शिस्त. आहुतीमागून आहुती पडावी तसा आडवा धागा पडत जातो, प्रत्येक धाग्यावर फणीचा ठोका बसतो आणि मग कुठे बोटभर कापड पुढे सरकते. मंत्राला जशी घाई चालत नाही, तशी विणीलाही चालत नाही.

आणि मग येते ते कमळ. इथे आपण थोडे अधिक रेंगाळू, कारण कथेचा सगळा प्राण या देठात आहे. लक्ष्मीपूजनासाठी कल्याणच्या फुलबाजारातून आणलेले कमळ हाती असेल तर त्याचा देठ मधोमध हलकेच मोडावा आणि दोन्ही तुकडे सावकाश दूर न्यावेत. देठ मोडतो, पण तुटत नाही. दोन तुकड्यांमध्ये कोळ्याच्या जाळ्याहून बारीक असे शुभ्र तंतू ताणले जातात, उजेडात क्षणभर लकाकतात, बोटभर अंतर झाले तरी एकमेकांना धरून राहतात. संस्कृत कवींना या मृणालतंतूचे फार वेड. दोन वस्तूंमधली जागा किती अरुंद हे सांगायचे तर कालिदास तिथून कमळाचा तंतूही जाणार नाही असे म्हणतो. कैलासाकडे निघालेल्या त्याच्या राजहंसांची शिदोरीही कमळाच्या कोवळ्या देठांची. पण कवींनी या तंतूची उपमा केली आणि पुढे गेले. सूत म्हणून त्याच्याकडे पाहिले ते विणकरानेच. ब्रह्मदेशातल्या इन्ले सरोवराकाठच्या बायका आजही असेच देठ मोडून, निघालेले तंतू ओल्या फळीवर तळहाताने वळून त्यांचा धागा करतात आणि तो मागावर विणतात. हातभर कापडासाठीही देठांचे भारेच्या भारे लागतात. म्हणजे आपल्या कथेतले दिव्य सूत काढता येण्याजोगे आहे. अट एकच, की काढणाऱ्यापाशी देवाइतका धीर हवा.

पण हे कमळ कुठल्याही तळ्यातले नाही, ते नाभिकमळ आहे, आणि इथे कथा आपल्याला आणखी एक दार उघडून देते. याच कमळावर ब्रह्मदेव जन्मला, आणि आपण कुठून आलो हे शोधायला तो देठाच्या आत शिरून खाली खाली उतरत गेला, असे भागवत सांगते. वर्षानुवर्षे उतरूनही त्याला त्या देठाचा तळ लागला नाही. शेवटी तो परत आला आणि तपाला बसला. सृष्टिकर्त्याला ज्याचा अंत सापडला नाही, तो देठ भावनाऋषींनी उकलून त्याचे सूत केले! जन्मभर मागावर बसलेल्या माणसाचे स्वप्न याहून वेगळे काय असणार? सूत संपते, कांडी रिकामी होते, तार तुटतो, माग थांबतो. मग वाकायचे, तुटलेले टोक शोधायचे, सांधायचे आणि पुन्हा सुरू करायचे, हा त्याचा दिवस. त्याने आपल्या मूळ पुरुषाला असे सूत दिले, जे कधी संपत नाही. आणि त्यातही त्याचे शहाणपण पाहा. न संपणारे कापड त्याने मागितले नाही, न संपणारे सूत मागितले. कापड ज्याचे त्याने विणायचे.

विणणाऱ्या अद्भुत व्यक्ती आपल्या साहित्यात याआधीही भेटतात. महाभारताच्या आरंभी, आदिपर्वात, तक्षकाने पळवलेली कुंडले शोधत उत्तंक नागलोकात उतरतो, तेव्हा त्याला दोन स्त्रिया मागावर काळ्या-पांढऱ्या धाग्यांचे वस्त्र विणताना दिसतात. शेजारी बारा आऱ्यांचे चाक सहा कुमार फिरवत असतात. पुढे त्याचे गुरू उलगडा करतात, की त्या स्त्रिया म्हणजे धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्र आणि दिवस, चाक म्हणजे संवत्सर आणि कुमार म्हणजे सहा ऋतू. हे दृश्य थरारून टाकणारे आहे खरे, पण त्या वस्त्राला अंग नाही. ते कुणी नेसत नाही, कुणी पांघरत नाही. काळ विणत राहतो, एवढेच. भावनाऋषींच्या विणकामात नेसणारा आधी आहे. कुणीतरी उघडे आहे, म्हणून विणायचे. तत्त्वज्ञानाच्या मागावरून विणकर इथे माणसांच्या वस्तीत उतरतो आणि अद्भुताला ऊब येते.

पश्चिमेच्या पुराणातली अराक्नीही इथे आठवते. मर्त्य मुलगी, पण विणण्यात एवढी तरबेज, की देवतेशी पैजेला उभी राहिली. तिच्या विणीत खोट काढता आली नाही म्हणून रागावलेल्या देवतेने ते कापड फाडले आणि तिला कोळी करून टाकले. त्या कथेत कारागिराच्या कौशल्याचा देवांना मत्सर वाटतो. आपल्या कथेत देव गिऱ्हाईक होऊन येतात, कापडाची वाट पाहत थांबतात, आणि त्या वाट पाहण्यात त्यांना कमीपणा वाटत नाही. आपल्या मराठी मनाने तर आणखी पुढे जाऊन कबीराच्या मागावर प्रत्यक्ष रामाला बसवले. गदिमांच्या शब्दांतून आणि माणिक वर्मांच्या स्वरातून शेले विणणारा तो राम किती घरांत पोहोचला! भक्त नामात दंग असेल तर त्याचा ताणा अडून राहू नये, याची काळजी जिथे देव घेतो, तिथे विणकाम हलके काम उरत नाही.

भावनाऋषींचा संसारही मोठा अर्थपूर्ण आहे. त्यांची पत्नी भद्रावती ही सूर्याची कन्या. कमळ आणि सूर्य यांचे नाते कवींना जुनेच, पण विणकराला सूर्य हवा असतो तो अगदी रोखठोक कारणासाठी. हातमागाच्या दिवसांत ताण्याला खळ लावून तो गल्लीत लांबच लांब ताणायचा, कुंचा फिरवायचा आणि उन्हात वाळवायचा. ऊन नाही तर ताणा नाही आणि ताणा नाही तर चूल नाही. बारीक सुताचा तुटलेला तार दिसायलाही दिवसाचा उजेडच लागे. त्या घराला सून मिळावी तर सूर्याच्या घरचीच! शिवाय माग कधी एकट्याचा नसतो. घरातल्या बाईने सूत उकलले, कांड्या भरल्या, मुलांनी धागे ओवले, तेव्हा कुठे बसणाऱ्याचा धोटा चालतो. धोटा मारणारा दिसतो, कांडी भरणारी दिसत नाही. कथेने मात्र तिला नाव दिले, कूळ दिले, आणि तेही असे, की तिच्या माहेराशिवाय पतीचा माग चालूच नये.

भावनाऋषींच्या चित्रांत आपल्याला एक वाघ भेटतो. ऋषी त्याच्यावर आरूढ झालेले असतात, आणि पहिल्यांदा पाहणाऱ्याला प्रश्न पडतो की सूत काढणाऱ्याला वाघ कशाला? पण वस्त्राच्या आधी देवांचे वस्त्र काय होते, ते आठवू. शंकराच्या कमरेला व्याघ्राजिन आहे, ऋषींच्या आसनाला मृगाजिन आहे. अंग झाकायचे तर कुणाचे तरी कातडे उतरवायचे, हा वस्त्रापूर्वीच्या जगाचा नियम. विणकर आला आणि वाघाचे कातडे वाघाच्या अंगावर राहू शकले. म्हणून मला त्या चित्रातला वाघ जिंकलेल्या पशूसारखा वाटत नाही. ज्याची कातडी वाचली, तो आपण होऊन पाठीवर घेतो आहे असे वाटते. कापसाच्या, कमळाच्या, रानच्या धाग्यातून आलेले पहिले वस्त्र ही माणसाच्या इतिहासातली केवढी मोठी अहिंसा होती, हे या पट्टेदार वाहनाने एका नजरेत सांगून टाकले आहे.

या कथेची भावंडेही आपल्याच आसपास नांदतात, आणि ती शेजारी बसवली की प्रत्येकीचा चेहरा अधिक खुलतो. स्वकुळ साळी समाज आपले मूळ भगवान जिव्हेश्वरांपाशी नेतो. शंकराच्या जिभेतून त्यांचा जन्म झाला, आणि कामही तेच, देवांसाठी वस्त्र विणण्याचे. एका विणकराला अग्नीतून जन्म, दुसऱ्याला जिभेतून! जिथून मंत्र उमटतो, तिथूनच वस्त्र देणारा यावा, ही कल्पना करणाऱ्याला शब्द आणि सूत ही एकाच जातीची नाजूक द्रव्ये वाटली असतील. देवांग कोष्टी समाजाच्या कथेतले देवांग ऋषीही विष्णूच्या नाभिकमळातूनच तंतू घेऊन निघतात. वाटेत असुर त्यांच्यावर धावून येतात, तेव्हा चौंडेश्वरी देवी सिंहावर बसून येते आणि असुरांचा संहार करते. त्या असुरांचे रक्त पाच वर्णांचे, पांढरे, काळे, लाल, पिवळे आणि हिरवे. आणि त्या रक्तात बुडून सुताला पाच रंग चढतात. युद्ध इथे रंगाऱ्याच्या कढईत येऊन संपते. जे मारायला आले होते, ते लुगड्याच्या काठात जाऊन बसले.

या सगळ्या कथांना श्रावणाचा ओलावा आहे. श्रावण शुद्ध त्रयोदशीला जिव्हेश्वरांचा जन्मोत्सव होतो. दोनच दिवसांनी, नारळी पौर्णिमेला, सोलापुरात मार्कंडेय महामुनींचा रथ निघतो आणि सगळे विणकरांचे शहर रस्त्यावर येते. त्याच दिवशी ठाण्याच्या चेंदणी कोळीवाड्यातून खाडीला नारळ अर्पण होतो. एका सुतावर जाळे उभे, दुसऱ्यावर माग. घरोघरी राखीचा धागा बांधला जातो तोही याच दिवशी. पौर्णिमेचा हा एक दिवस सुताने किती जणांना कुठेकुठे बांधतो, हे पाहू लागलो की सणाची एरवी न दिसणारी वीण आपल्या बोटांना लागते.

आता ही कथा टिकली कशी, याचेही रसग्रहण केले पाहिजे, कारण तेही कथेइतकेच सुंदर आहे. तेलंगणात जातिसमूहांच्या उत्पत्तिकथा पटावर रंगवून, रात्री जागवत गाऊन सांगण्याची परंपरा आहे. पद्मशालींची कथा सांगणारे कूनपुली कथेकरी, आणि त्यांच्यासाठी पट रंगवणारे चेरियालचे नक्काश चित्रकार. हा पट म्हणजे उभी उलगडत जाणारी कापडाची गुंडाळी. तांबड्याभडक पार्श्वभूमीवर एकाखाली एक आडव्या चौकटी, मधे फुलांचे काठ, आणि चौकटींमधून यज्ञ, कमळ, सूर्यलोक, वाघ यांची रांग. कथेकरी काठीने एकेक चौकट दाखवतो, गातो, आणि पुढचा पट उलगडतो. हैदराबादच्या जगदीश व कमला मित्तल संग्रहालयात भावनाऋषींच्या माहात्म्याचा इ. स. १६२५ चा पट आहे. चारशे वर्षे जुने ते चित्र आणि त्याच्या आधीची कोण जाणे किती मुखे!

पट तयार कसा होतो ते जवळून पाहू. आधी जाडेभरडे हातमागाचे कापड घ्यायचे. त्यावर पांढरी माती, डिंक आणि चिंचोक्याची खळ यांचे थर द्यायचे. वाळले की घोटून गुळगुळीत करायचे आणि मग रंग. चिंचोक्याची ही खळ विणकराच्या ओळखीची आहे, कारण सुताला ताठपणा यावा, ते फणीच्या घर्षणाने तुटू नये म्हणून ताण्यालाही तिचा उपयोग होतो. म्हणजे विणकराने विणलेल्या कापडावर, विणकराच्याच घरातली खळ चढवून, विणकराच्याच मूळ पुरुषाचे चित्र. पुस्तकातली गोष्ट कागदापासून वेगळी काढता येते. इथे गोष्ट आणि तिचा आधार एकाच मागावरून उतरले आहेत. पट उलगडताना कापडाचा पोत रंगाखालून जाणवत असेल, तेव्हा समोर बसलेल्या श्रोत्याला आपल्याच हातचे काम आपल्याशी बोलते आहे असे वाटत असेल तर नवल नाही.

तेलंगणातल्या त्या रात्रींपासून भिवंडीच्या दिवसांपर्यंत पद्मशालींनी फार मोठा पल्ला गाठला. खड्डा माग सुटला, गिरणी आली. १९८२ च्या संपाने मुंबईच्या गिरण्यांचा कणा मोडला आणि कापडाचे काम अधिकाधिक भिवंडी, इचलकरंजी, मालेगावच्या यंत्रमागांकडे वळले. आज भिवंडीच्या कारखान्यात ताण्याचा बीम चढवला जातो, सायझिंगची खळ उन्हावाचून वाळते, कमळाच्या जागी बहुतेक वेळा सूत असते ते कृत्रिम धाग्याचे. जगाची ही घडण वेगळी आहे, आणि तिच्यातला थकवाही वेगळा. पण एका कारागिराकडे कितीही माग असले, तरी तार तुटला की माग थांबतो आणि दोन बोटांनी तो सांधण्याला पर्याय नाही. ती दोन बोटे जुळतात, तार पुन्हा ताठ होतो, माग चालू होतो. पुराणकथेतला जो क्षण आपण अद्भुत म्हणून वाखाणला, तो इथे पाळीत कितीदा तरी घडतो.

भिवंडीचे कापड बहुतांशी कोरे, रंगाविना बाहेर पडते. पुढे कुठेतरी ते धुतले जाते, रंगते, छापले जाते, शिवले जाते आणि दुकानात त्याच्यावर दुसऱ्याच कुणाचे तरी नाव लागते. विणणाऱ्याचे नाव ताग्यावर नसते. मला वाटते, भावनाऋषींची कथा नेमकी हीच उणीव भरून काढते. ती विणणाऱ्याला चेहरा देते, कूळ देते, सूर्याच्या घरची सासुरवाडी देते आणि देवांनाही त्याच्या दारात गिऱ्हाईक म्हणून उभे करते. डोंबिवली-कल्याणच्या लोकलमध्ये एकमेकांना खेटून उभे असताना आपल्या सर्वांच्या अंगावर कुणीतरी विणलेले काहीतरी असते. त्या अर्थाने आपणही त्याच दारातले गिऱ्हाईक आहोत. या कथेचा आस्वाद घेतलेल्या रसिकाने यापुढे कापड हाती घेतले, की रंग आणि किमतीच्या आधी त्याची वीण बोटांनी चाचपून पाहावी, आणि ते विणणाऱ्याचे श्रम ओळखण्याइतकी आपली नजर तयार करावी. कलेचा आदर करणाऱ्या आपल्या समाजात विणकराचा वाटा अजून द्यायचा राहिला आहे, आणि तो देण्याचे निमित्त एका कमळाच्या देठाने आपल्याला केव्हाच दिले आहे.